भाच्याचा पीएस४, ताईचा टीव्ही: गेम कन्सोलवर सिनेमे-मालिका कशा लावायच्या

नागपुरात मानेवाड्याला ताईच्या हॉलमध्ये टीव्हीखाली एक काळा डबा दोन वर्षं धूळ खात पडला होता. भाचा नोकरीसाठी पुण्याला गेला आणि त्याचा पीएस४, म्हणजे टीव्हीला जोडून गेम खेळायचा प्लेस्टेशन ४ कन्सोल, इथेच राहिला. मागच्या महिन्यात ताईचा फोन आला, "टीव्हीला लावायची ती कांडी कितीला भेटते रे? ऑनलाइन पिक्चर पाहाचे आहे." म्हटलं, "ताई, तुझ्या टीव्हीखाली काय ठेवलंय ते पाहिलंस का?" तर म्हणाली, "ते? ते तर गेमचं आहे ना बाप्पा!"

असं बऱ्याच घरी असतं. पोरं शिकायला, नोकरीला बाहेर गेली की कन्सोल मागे राहतो आणि घरचे टीव्हीवर यूट्यूब बघायला वेगळी कांडी विकत घेतात. ताईकडे तो डबा चालू करता करता माझा एक पूर्ण रविवार गेला. तुमचा तासाभरात आटपावा म्हणून हे लिहितोय.

एक गोष्ट आधीच सांगतो. घरात कन्सोल पडून असेल तरच हा उद्योग करा. फक्त सिनेमे बघायला कोणी चाळीस-पन्नास हजारांचा पीएस५ घेत असेल तर त्याला बर्डीवर नेऊन तर्री पोहे खाऊ घाला आणि साधी कांडी घेऊन परत आणा.

डबा कोणता आहे ते बघा

सोनीचा पीएस४ किंवा पीएस५, नाहीतर मायक्रोसॉफ्टचा एक्सबॉक्स वन, सिरीज एस किंवा सिरीज एक्स. यातलं काही असेल तर काम होतं. साधा पीएस४ आणि पीएस४ स्लिम फुल एचडीपर्यंतच जातात. पीएस४ प्रो, पीएस५, एक्सबॉक्स वन एस आणि त्यानंतरचे सगळे एक्सबॉक्स फोर-केमध्ये, म्हणजे फुल एचडीच्या चौपट बारकाव्याने दाखवतात. टीव्ही डॉल्बी व्हिजनवाला (रंग आणि उजेड-अंधार जास्त खुलवणाऱ्या तंत्राचा) असेल तर ते एक्सबॉक्सवर मिळतं, पीएस५ वर मिळत नाही. ताईचा टीव्ही ४० इंची फुल एचडी, त्यामुळे आमचा हा प्रश्नच मिटला.

निन्टेंडो स्विच असेल तर त्याच्यावर यूट्यूब आहे, नेटफ्लिक्स नाही. त्याच्या नादी लागू नका. पीएस३ आणि एक्सबॉक्स ३६० ही आता म्हातारी माणसं झाली. ३६० चं तर स्टोअरच २९ जुलै २०२४ ला बंद झालं, म्हणजे नवं ॲप उतरवायची सोयच संपली. गंमत म्हणजे अमेरिकेत नेटफ्लिक्स पहिल्यांदा कन्सोलवर आलं ते २००८ मध्ये, याच ३६० वर. पीएस३ वर सुरुवातीला नेटफ्लिक्स बघायचं तर टपालाने आलेली एक डिस्क आत घालावी लागायची. आपल्याकडे नेटफ्लिक्स आलं जानेवारी २०१६ मध्ये, त्यामुळे तो डिस्कचा तमाशा आपल्याला बघावा लागला नाही.

केबल, आणि आमचा हरवलेला अर्धा तास

पीएस४, पीएस५ आणि एक्सबॉक्स वनपासून पुढच्या सगळ्यांना चित्रासाठी फक्त एचडीएमआय (चित्र आणि आवाज एकाच केबलमधून नेणारी जोडणी) आहे. लाल-पांढऱ्या-पिवळ्या पिनांची जागा शोधू नका, ती नाही. टीव्हीच्या मागे दोन-तीन एचडीएमआय खाचा असतात. कोणत्या खाचेत केबल लावली तो आकडा बघून ठेवा आणि टीव्हीच्या रिमोटवर 'सोर्स' किंवा 'इनपुट' दाबून तोच आकडा निवडा. फोर-के टीव्ही असेल तर टीव्हीच्या सेटिंग्जमध्ये त्या खाचेसाठी 'एन्हान्स्ड' किंवा तशाच नावाचा पर्याय असतो. तो चालू केल्याशिवाय पूर्ण दर्जाचं चित्र येत नाही. पीएस५ सोबत खोक्यात आलेली केबल चांगली असते, ती फेकून दुसरी आणू नका.

ताईकडे केबल लावली, मेनू झकास दिसला. सिनेमाचं ॲप उघडलं तर एचडीसीपी बंद असल्याचा निरोप. मला वाटलं केबल गेली. दुसरी लावली, तरी तेच. शेवटी भाच्याला फोन लावला. तो हसायला लागला, "मामा, मी गेम रेकॉर्ड करायचो ना, तेव्हा बंद केलं होतं ते."

एचडीसीपी म्हणजे एचडीएमआयमधून जाणाऱ्या चित्राची चोरी होऊ नये म्हणून लावलेलं कुलूप. पोरांना बाहेरच्या यंत्रावर गेम रेकॉर्ड करायचा असतो तेव्हा ती हे कुलूप काढतात. गेम त्याच्याशिवाय चालतो, पण सिनेमाची ॲप्स नाही. पीएस४ वर सेटिंग्ज, मग सिस्टिम, तिथे 'एनेबल एचडीसीपी' ला बरोबरची खूण करा. पीएस५ वर सेटिंग्ज, सिस्टिम, एचडीएमआय, आणि तिथे तेच नाव. घरातला पोरगा गेमचे व्हिडिओ टाकत असेल तर सगळ्यात आधी हेच तपासा.

वायफाय दिसत का नाही?

हा आमचा दुसरा घोटाळा. राउटर हॉलमध्येच, कन्सोलपासून चार हातांवर. ताईच्या फोनमध्ये वायफायला भरपूर काड्या, आणि पीएस४ च्या यादीत शेजाऱ्यांची पाच नावं, फक्त आमचं नाही.

कारण साधं आहे. राउटर दोन पट्ट्यांवर बोलतो, २.४ गिगाहर्ट्झ आणि ५ गिगाहर्ट्झ. सगळ्यात पहिल्या पीएस४ ला फक्त २.४ ऐकू येतं. स्लिम, प्रो आणि पीएस५ ला दोन्ही. ताईच्या कनेक्शनवाल्याने २.४ बंद करून ठेवलं होतं. राउटरच्या सेटिंगमध्ये ते चालू केलं आणि नाव लगेच उगवलं. तुम्हाला जमत नसेल तर कनेक्शनवाल्याला फोन करून एवढंच सांगा, "२.४ चालू करून द्या, नाव वेगळं ठेवा."

त्याहून सोपा आणि पक्का उपाय म्हणजे लॅन केबल. पीएस४, पीएस५ आणि वर सांगितलेले एक्सबॉक्स, सगळ्यांना लॅनची खाच आहे. राउटर जवळ असेल तर सरळ वायर टाका. महाल भागातल्या जाड भिंतींच्या जुन्या घरांत तर मी वायफायचा विचारही करत नाही.

वेग किती लागतो? नेटफ्लिक्स स्वतः सांगतं की फुल एचडीला ५ एमबीपीएस आणि फोर-केला १५ पुरतात. घरात १०० चा प्लॅन असेल आणि तरी चित्र अडकत असेल तर दोष प्लॅनमध्ये नाही, राउटरपासून कन्सोलपर्यंतच्या वाटेत आहे. कन्सोलच्या नेटवर्क सेटिंगमध्ये 'टेस्ट इंटरनेट कनेक्शन' असतं. तिथे दिसणारा आकडा खरा धरा, फोनवरचा नाही. मोबाइलच्या हॉटस्पॉटवर चालवणार असाल तर हिशोब करून बसा, एचडीमध्ये तासाला ३ जीबीपर्यंत डेटा जातो.

खातं: भाच्याचं वापरू नका

ॲप उतरवायला स्टोअर लागतं आणि स्टोअरला खातं. पोराचं खातं आधीपासून असतंच, मग तेच वापरायचा मोह होतो. नका करू. एक तर त्यात त्याचं कार्ड जोडलेलं असू शकतं, आणि नातवंडांच्या बोटांना 'बाय' चं बटण फार आवडतं. दुसरं, तो पुण्यात दुसऱ्या पीएस४ वर त्याच खात्याने खेळायला बसला की तुम्ही इकडे बाहेर फेकले जाता.

कन्सोल सुरू होताना 'न्यू यूजर' असतं, तिथून ताईचं वेगळं खातं काढलं. ईमेल, जन्मतारीख, देश. देश 'इंडिया' च निवडा. प्लेस्टेशनच्या खात्याचा देश नंतर बदलता येत नाही. चुकून भलताच टाकला तर तिकडचं स्टोअर उघडतं आणि नवं खातं काढण्यावाचून गत्यंतर राहत नाही. जन्मतारीखही खरी टाका. घाईत आजचंच वर्ष राहून गेलं तर कन्सोल तुम्हाला लहान मूल समजतो आणि पालकांची परवानगी मागत बसतो. ताई पंचावन्नची आहे.

कन्सोलच्या कंपनीची महिन्याची वेगळी वर्गणी लागते का, असं तीन जणांनी मला विचारलं. लागत नाही. पीएस प्लस, गेम पास हे खेळण्यासाठी. सिनेमाच्या ॲप्सना ते नको. एक्सबॉक्सवर पूर्वी नेटफ्लिक्स बघायलासुद्धा 'गोल्ड' नावाची त्यांची वर्गणी घ्यावी लागायची, पण ती अट २०१४ मध्येच गेली.

ॲप उतरवा, पण पैसे भरायच्या आधी थांबा

पीएस४ वर मुख्य पडद्यावर 'टीव्ही अँड व्हिडिओ' नावाचा चौकोन आहे. पीएस५ वर सगळ्यात वर 'गेम्स' च्या शेजारी 'मीडिया'. एक्सबॉक्सवर स्टोअर उघडून ॲपचं नाव शोधायचं. यूट्यूब, नेटफ्लिक्स, प्राइम व्हिडिओ मिळतात. लॉगिनला पासवर्ड बटणांनी टाइप करत बसू नका, वीस अक्षरांना पाच मिनिटं जातात आणि शेवटच्या अक्षराला चूक होते. बहुतेक ॲप्स पडद्यावर एक कोड किंवा क्यूआर दाखवतात. तो फोनवर टाका, झालं. यूट्यूबला तर त्याहून सोपं, फोनवरचं यूट्यूब टीव्हीशी एकदा जोडलं की गाणं फोनवर शोधायचं आणि ते टीव्हीवर लागतं.

मराठी मालिकांचं गणित वेगळं आहे. झी मराठीच्या मालिका झी५ वर, स्टार प्रवाह आणि कलर्स मराठीच्या जिओहॉटस्टारवर, सोनी मराठीच्या सोनीलिव्हवर. ही देशी ॲप्स फोनवर आणि स्मार्ट टीव्हीवर हमखास असतात, कन्सोलवर तशी खात्री धरू नका. म्हणून क्रम असा ठेवा. आधी आपल्या कन्सोलच्या स्टोअरमध्ये ॲपचं नाव शोधा, ते उतरवून उघडा, आणि मगच वर्षाचे पैसे भरा. एक्सबॉक्सवर एज ब्राउझर आहे, त्यात ॲपची वेबसाइट उघडून बघता येते. पीएस५ वर तसा ब्राउझर दिलेला नाही.

आणि प्लॅन! सगळ्यात जास्त लोक इथे फसतात. नेटफ्लिक्सचा १४९ रुपयांचा मोबाइल प्लॅन फक्त फोन आणि टॅबवर चालतो, टीव्हीवर किंवा कन्सोलवर नाही. टीव्हीसाठी किमान १९९ चा बेसिक लागतो. त्यात चित्र फुल एचडीहून कमी, ७२०पीपर्यंत येतं, फुल एचडीला ४९९ आणि फोर-केला ६४९. दर बदलत असतात, भरताना बघून घ्या. रिचार्जसोबत 'फुकट' आलेली वर्गणीही बरेचदा मोबाइलपुरतीच असते. भाऊजींनी दोन तास मला ऐकवलं की त्यांच्या रिचार्जमध्ये सगळं आहे. होतं, पण फोनवर.

'पोराचाच पासवर्ड टाकू की' हेही आता जमत नाही. जुलै २०२३ पासून नेटफ्लिक्स भारतातही एका खात्याला एकच घर मानतं. पुण्याचं खातं मानेवाड्यात चालवलं तर ते अडवतं.

चित्र आणि आवाज

यात फार वेळ घालवू नका, दोन-तीन गोष्टीच पुरे. पीएस५ वर एचडीआर (रंग आणि उजेड-अंधार खुलवणारी सोय) 'ऑन व्हेन सपोर्टेड' वर ठेवा. कायम चालू ठेवलं तर जुने सिनेमे धुतल्यासारखे फिके दिसतात. एक्सबॉक्सवर व्हिडिओ मोड्समध्ये 'अलाउ २४ हर्ट्झ' ला खूण करा. सिनेमा सेकंदाला २४ चित्रांनी बनतो, त्याच गतीने दाखवला की कॅमेरा वळताना गचके बसत नाहीत. आणि 'बोलणं ऐकू येत नाही, मारामारी मात्र कानठळ्या बसवते' अशी तक्रार असेल तर साउंडबार नसलेल्या घरात आवाज साध्या स्टिरिओवर ठेवा. एक्सबॉक्सवर त्याला 'स्टिरिओ अनकॉम्प्रेस्ड' म्हणतात.

रिमोट कुठे आहे?

ताईने कंट्रोलर हातात घेतला तो आरतीचं ताट धरावं तसा, दोन्ही हातांनी, अंगापासून लांब. "एवढी बटणं काऊन?" मी म्हटलं, "तुझ्या कामाची चारच." दाराला लावलेल्या कॅलेंडरच्या मागच्या कोऱ्या बाजूवर लिहून दिलं. बाण म्हणजे इकडेतिकडे. फुली म्हणजे 'हो'. गोल म्हणजे 'मागे'. मधलं पीएस बटण म्हणजे 'घरी'. एक्सबॉक्सवर फुलीच्या जागी ए आणि गोलाच्या जागी बी.

पण एक पंचाईत राहतेच. कंट्रोलर सोफ्यावर ठेवला आणि कोणी त्यावर टेकलं की सिनेमा दहा मिनिटं पुढे पळतो. मागची दोन ट्रिगरं यासाठी कुप्रसिद्ध आहेत. यावर उपाय आहे. टीव्हीचाच रिमोट कन्सोलला चालवतो, फक्त दोन्हीकडे एचडीएमआयची जोडणी चालू करावी लागते. प्लेस्टेशनच्या सेटिंगमध्ये तिचं नाव 'एचडीएमआय डिव्हाइस लिंक'. टीव्हीत प्रत्येक कंपनी वेगळं नाव देते, पण सेटिंगमध्ये 'सीईसी' शोधलं की सापडतं. ताईकडे हे चालू केलं आणि तिचा जीव भांड्यात पडला. बाण, ओके, बॅक, सगळं ओळखीच्या रिमोटवर.

नागपूरचा उन्हाळा

ही गोष्ट पुण्या-मुंबईच्या लेखांत सापडणार नाही. पीएस५ च्या पुस्तिकेत चालवायचं तापमान ५ ते ३५ अंश दिलेलं आहे. आता मे महिन्यातला आपला हॉल आठवा. बाहेर ४५ अंश, नवतपा (मे अखेरचे नऊ तापलेले दिवस) सुरू, आणि आत पंखा नुसती गरम हवा फिरवतोय. म्हणजे कन्सोल सुरू व्हायच्या आधीच खोलीने मर्यादा ओलांडलेली असते. सिनेमा चालवताना कन्सोल गेमइतका तापत नाही हे खरं, पण त्याचा आतला पंखा घरघरायला लागतो आणि मग 'फार गरम झालंय' असा निरोप पडद्यावर येतो.

मग लोक काय करतात? कूलरसमोर ठेवतात. अजिबात नको. कूलरची हवा ओली असते, ताट्या नीट बसल्या नसतील तर थेंबही उडतात, आणि कन्सोल ती हवा आत ओढतो. कूलर असलेल्या खोलीत कन्सोल चालवा, पण कूलरच्या धारेबाहेर, बाजूच्या भिंतीला. एक खिडकी उघडी ठेवा, म्हणजे दमट हवा बाहेर जाते. तसाही त्याशिवाय कूलर गार करत नाहीच.

दुसरं, शोकेस. ताईचा पीएस४ टीव्हीखालच्या काचेच्या दाराच्या कप्प्यात होता, वर क्रोशाचा रुमाल. रुमालाने मागची जाळी अर्धी झाकलेली. कप्प्यातून बाहेर काढला, चारी बाजूंनी वीतभर जागा सोडली, रुमाल ताईने नाराजीने घडी करून ठेवला. मागच्या जाळीत दोन वर्षांची धूळ, कापसासारखी. प्लग काढून, व्हॅक्युम क्लीनरने बाहेरूनच ओढून घेतली. आत फुंकर मारू नका, धूळ आणखी खोल जाते. उघडायच्या भानगडीत पडू नका. एवढ्यानेच पंख्याचा आवाज निम्म्यावर आला.

वीज

कन्सोल कांडीपेक्षा जास्त खातो हे मान्य करूनच चाला. मॉडेलप्रमाणे सिनेमा बघताना साधारण ३० ते ९० वॅट, कांडी तीन-चार वॅटवर भागवते. पहिला पीएस४ जास्तीच्या टोकाला आहे. रोज तीन तास धरले तर महिन्याला आठेक युनिट, कांडीला अर्धाही नाही. ताईने हिशोब ऐकला आणि म्हणाली, "कूलरच्या बिलापुढे हे काय घेऊन बसला!"

वीज गेल्यावर मात्र जपा. इन्व्हर्टर असेल तर त्याच्या मागे 'यूपीएस मोड' चं बटण असतं, ते लावलं तर बदलाच्या क्षणी कन्सोल बंद पडत नाही. नसेल तर वीज आल्यावर कन्सोल 'नीट बंद केला नव्हता' म्हणून रागावतो आणि आतली साठवण तपासत बसतो. बसू द्या, मध्ये बटण दाबू नका.

डिस्क असतील तर

लग्नाची डीव्हीडी प्रत्येक घरात असते. डिस्कची खाच असलेला पीएस४, पीएस५ किंवा एक्सबॉक्स ती चालवतो. सिरीज एस आणि पीएस५ डिजिटलला खाच नसते. एक्सबॉक्सवर आधी स्टोअरमधून ब्लू-रे (डीव्हीडीच्या पुढची डिस्क) प्लेअरचं फुकट ॲप उतरवावं लागतं. विकतच्या ब्लू-रेंवर प्रदेश छापलेला असतो, भारत सी मध्ये आणि अमेरिका ए मध्ये. अमेरिकेहून मुलीने आणलेल्या कन्सोलवर इथली डिस्क अडली तर कन्सोल बिघडला असं समजू नका. गाण्यांची साधी सीडी मात्र पीएस४ किंवा पीएस५ वर वाजत नाही. भाऊजींनी तीन घालून बघितल्या.

बंद कसं करायचं

ताईचा शेवटचा प्रश्न हाच होता, कारण तिच्या घरात रात्री बोर्डावरची सगळी बटणं बंद करून झोपायची पद्धत आहे. टीव्ही बंद केला म्हणून कन्सोल बंद होत नाही. पीएस४ वर पीएस बटण दाबून धरलं की एक मेनू येतो, त्यात 'पॉवर' निवडायचं. तिथे 'रेस्ट मोड' म्हणजे डुलकी, 'टर्न ऑफ' म्हणजे बंद. डुलकीत पहिल्या पीएस४ चा दिवा नारंगी असतो, आणि तेव्हा बोर्डाचं बटण दाबणं म्हणजे वीज जाण्यासारखंच. बोर्ड बंद करायची सवय असेल तर कायम 'टर्न ऑफ' घ्या, पांढरा दिवा लुकलुकून पूर्ण विझू द्या, मग बोर्ड.

कॅलेंडरच्या मागे चार बटणांखाली मी ही ओळही लिहिली. दुसऱ्या दिवशी बघतो तर ताईने तिच्याखाली स्वतःच्या अक्षरात भर घातली होती: "दिवा विझल्याशिवाय बोर्डाला हात लावू नये. सगळ्यांनी."